नऊ दारांचा डाव

फ्लोरामावशीला आयुष्यातला सगळ्यात मोठा डाव लागला तो तिचं पोट उघडायच्या आधीच्या रविवारी. आणि हा डाव ज्याला लागतो तो फार दिवस जगत नाही, असं तिला खेळ शिकवणाऱ्या माणसानेच सांगून ठेवलं होतं. आता, खेळात डाव लागला म्हणून कोणी मरतं का? मावशीही हेच म्हणायची. चांगलं मोठ्याने म्हणायची, आणि म्हणता म्हणता हळूच आपली खुर्ची बदलून घ्यायची. पण त्या रविवाराकडे जायचं तर आधी मावशीच्या घरात शिरायला हवं.

आमचे डॉक्टर, म्हणजे माझे यजमान, इंग्लंडात लीड्सच्या हॉस्पिटलात नोकरीला लागले आणि मागोमाग मी गेले. धुराने काळवंडलेल्या लाल विटांच्या घरांची एक लांबलचक रांग, समोर तशीच दुसरी रांग, आणि सोमवारी दोन्ही रांगांच्या मध्ये रस्त्यावर आडव्या बांधलेल्या दोऱ्यांवर वाळणारे सगळ्यांचे कपडे. पहिल्याच आठवड्यात मी दारातल्या दुधाच्या बाटल्या आत घेत होते, तर समोरच्या दारातून फुलाफुलांचा फ्रॉक आणि लाल कार्डिगन घातलेली एक ठेंगणी बाई ओरडली, "काय गो, पुण्याची ना तू?"

मी चाटच पडले. "कशावरून ओळखलंत?"

"साडीवर स्वेटर, स्वेटरवर शाल आणि शालीवर रेनकोट. मुंबईची बाई थंडीने मरेल, पण एवढं अंगावर घालणार नाही. तोंड उघड बघू."

मी मुकाट्याने तोंड उघडलं. तिने माझी हनुवटी धरून उजेडाकडे वळवली, आत नीट पाहिलं आणि निकाल दिला. "पुढच्या दोन दातांत फट आहे. परदेशात मरणार तू. ये, चहा घे."

दात बघणं हा तिचा धंदा होता, भविष्य सांगणं ही पदरची भर. मावशी मूळची अलिबागकडची बेने इस्रायल, म्हणजे कोकणातली मराठी ज्यू; वाढली भायखळ्याला. तिथे एका चिनी दातांच्या डॉक्टरकडे ती लग्नाआधीपासून कामाला होती. तेव्हा मुंबईत असे चिनी डॉक्टर पुष्कळ होते. दर्शनी काचेत कवळ्या मांडून बसलेले. दुपारी पेशंट नसले की डॉक्टर, त्याची बायको, त्याची सासू आणि चौथी फ्लोरा असा माजाँगचा अड्डा जमायचा. पुढे चीनशी लढाई झाली, डॉक्टरला दवाखाना मोडून जावं लागलं आणि जाताना तो खेळाची पेटी फ्लोराच्या हातात ठेवून गेला. नवरा वारला होता, एकुलता एक बेनी इस्रायलला जाऊन स्थायिक झाला होता. मावशी ती पेटी घेऊन लीड्सला नणंदेकडे आली. यथावकाश नणंदही गेली. मावशी मात्र तिथेच राहिली आणि आमच्याच हॉस्पिटलातल्या दातांच्या विभागात खुर्चीशेजारी उभी राहून लोकांना "वाइड, लव्ह, वाइडर" म्हणू लागली.

माजाँग ठाऊक नसेल त्याने ती रमीची चिनी थोरली बहीण समजावी. पत्त्यांऐवजी गाईच्या हाडाच्या नि बांबूच्या जाडजूड सोंगट्या. मावशी त्यांना विटा म्हणायची, कारण सुरुवातीला त्या पालथ्या घालून त्यांची चौकोनी भिंत रचायची असते. त्यांत बांबू, चकत्या, अक्षरं अशा एक्क्यापासून नव्वीपर्यंतच्या जाती, शिवाय पूर्व-पश्चिम अशा चार दिशांच्या विटा. मग चौघांनी तेरा-तेरा विटा घ्यायच्या, भिंतीतली एकेक उचलायची, नको ती टाकायची आणि चौदाव्या विटेला डाव पुरा करायचा. आम्ही पैसे लावत नसू. हरेल तिने कपबश्या विसळायच्या, एवढंच.

नशिबाबद्दल मावशीचं सगळं तत्त्वज्ञान या भिंतीत होतं. "आमच्यात नव्याच्या सणाला, वर्षाच्या पहिल्या दिवशी, देव वरती प्रत्येकाचं वर्ष लिहितो आणि दहाव्या दिवशी, दारफळणीच्या उपासाला, दार लावून टाकतो," ती सांगायची. "लिहू देत की! त्याने भिंत रचली, मला विटा दिल्या. पण कुठली ठेवायची नि कुठली टाकायची, हे काय तो येऊन सांगणारेय? मांडणं त्याचं, टाकणं आपलं." हे ऐकून वाटावं, बाई भलतीच विचारांची. पण खेळताना तिला लाल कार्डिगनच लागायचं. ओळीने दोन डाव हरली की ती उठून खुर्चीला एक प्रदक्षिणा घालायची आणि विचारलं तर पायाला मुंग्या आल्या म्हणायची. खेळणाऱ्याच्या खांद्याला मागून हात लावलेला तिला खपत नसे. आमचे डॉक्टर एकदा मला घ्यायला आले आणि "काय मावशी, जिंकताय ना?" म्हणत त्यांनी तिच्या खांद्यावर थोपटलं. मावशीने त्यांना कोटासकट बाहेर काढलं. ते बिचारे पावसात उभे राहून खिडकीतून आमच्याकडे बघत होते.

"मावशी, हा तर विश्वासच झाला की," मी म्हटलं.

"विश्वास नाही गो. याला मॅनर्स म्हणतात," ती म्हणाली.

खरा विश्वास होता तो आमच्या तिसऱ्या भिडूचा. मिस लिम मलेशियाहून आलेली, आमच्या डॉक्टरांच्याच वॉर्डातली नर्स. गंभीर, नीटनेटकी, आणि या खेळातल्या झाडून सगळ्या शकुन-अपशकुनांची जाणकार. चौघांनी ओळीने पश्चिमेची वीट टाकली की चौघांच्याही जिवाला धोका, असं तिने एकदा सांगितलं. तेव्हापासून मावशी पश्चिमेची वीट मुद्दाम हातात ठेवायची आणि पहिल्या तिघींनी टाकली की आपली वर उचलून, टाकू की नको, टाकू की नको करत मिस लिमचा चेहरा बघत बसायची. "ऑन्टी, प्लीज!" मिस लिम कळवळून म्हणायची.

नऊ दारांच्या डावाचं मला पहिल्यांदा कळलं तेही असंच. एकाच जातीच्या विटा हव्यात. तीन एक्के, तीन नव्व्या आणि मधल्या सगळ्या एकेक. एवढं जमलं की त्या जातीची कुठलीही वीट आली तरी डाव पुरा होतो, म्हणून नऊ दारं. लोक जन्मभर खेळतात आणि तो डाव डोळ्यांनी बघतही नाहीत. ज्याला लागतो त्याचं उरलंसुरलं नशीब त्यातच खर्ची पडतं आणि माणूस जातो, असं मिस लिमने खालच्या आवाजात सांगितलं.

"आमच्या चिनी डॉक्टरचा काका तसाच गेला," मावशी म्हणाली. "सकाळी डाव लागला, दुपारी जेवताना खलास."

मिस लिमने डोळे मिटून मान हलवली.

"पण मी खोदून विचारलं ना. तेव्हा म्हणतो, मासा होता जेवायला. काटा अडकला घशात!" आणि मावशी टेबलावर हात आपटून हसली. हसता हसता तिने मिस लिमच्या पुढ्यातली एक वीट वाचून घेतली, हे मला दिसलं. मावशी लबाडी करायची ती अशी, दुसऱ्याचं तोंड उघडं असताना.

आमचं कायमचं दुखणं म्हणजे चौथा भिडू. मावशी कोणालाही पकडून बसवायची. एका रविवारी दोन काळ्या सुटातले गृहस्थ पत्रकं घेऊन दारात आले. जगाचा अंत जवळ आलाय, तुमची तयारी आहे का, असं त्यांनी विचारलं. "आहे ना," मावशी म्हणाली, "पण आम्हाला एक माणूस कमी पडतोय." त्यातल्या थोरल्याला तिने टेबलाशी बसवलं, धाकट्याला किटली भरायला लावली. संध्याकाळपर्यंत जगाच्या अंताचं नाव निघालं नाही. पुढच्या रविवारी थोरले गृहस्थ एकटेच आले, पत्रकं न घेता. तिसऱ्या रविवारी त्यांच्या बायकोने येऊन त्यांना नेलं.

आणि मग सासूबाई आल्या. माई नारायण पेठेतल्या. नऊवारी, अंबाडा, पिशवीत पंचांग आणि सगळ्यांच्या पत्रिका. खोटं बोलायचं नाही आणि कोणाचं खपवून घ्यायचं नाही, या दोन नियमांवर त्यांनी जन्म काढलेला. माझ्या हातचा वरणभात त्यांना चालायचा, पण बाहेरचं पाणीही नाही. त्यांना मावशीकडे कसं न्यावं या काळजीत मी होते. मावशीच आली आणि म्हणाली, "माई, आमच्यात तुमच्याहून कडक सोवळं. मटणाचं पातेलं वेगळं, दुधाचं वेगळं. चमचेसुद्धा एकमेकांना शिवत नाहीत."

माईंनी तिला आपादमस्तक न्याहाळलं. "घासायची फडकीही वेगळी?"

"फडकीही वेगळी."

"बसा," माई म्हणाल्या. त्यांच्या तोंडून याहून मोठं प्रशस्तिपत्रक मी तरी ऐकलेलं नाही.

पुढच्याच रविवारी माई आपला पेला घरून घेऊन मावशीच्या टेबलाशी बसल्या. वीट हातात घेऊन विचारलं, "हे कशाचं?"

"हस्तिदंत," मावशी तत्काळ म्हणाली आणि टेबलाखालून मला लाथ मारली. मिस लिमला मराठी येत नव्हतं, हे आमचं नशीब.

माई महिनाभरात आमच्या सगळ्यांच्या वरताण खेळू लागल्या. दुसऱ्याने टाकलेली वीट घ्यायची असली की "पंग!" म्हणून ओरडायचं असतं, माईंचं "पंग" ऐकून शेजारची बाई भिंतीवर ठोकायची. फक्त राहुकाळात त्या खेळायच्या नाहीत, आणि राहुकाळ पुण्याच्या पंचांगातला.

"माई," मावशी म्हणायची, "राहू तिकडून निघाला तरी त्याला इथे पोचायला वेळ लागतो. बोटीने येतो तो. वाटा विटा."

माई हसायच्या नाहीत. पण विटा वाटायच्या.

त्या हिवाळ्यात आमच्या घरी एक नवीनच प्रकार सुरू झाला. दर रविवारी संध्याकाळी माई डोक्यावरून आंघोळ करायच्या. गरम पाणी संपायचं, डॉक्टर धुसफुसायचे. शेवटी मी विचारलं.

"हाडाला शिवून येते," माई केस पुसत म्हणाल्या. "आंघोळ नको?"

"म्हणजे तुम्हाला ठाऊक आहे?"

"न कळायला काय झालं? माझ्या वडिलांकडे हस्तिदंताचे फासे होते. हस्तिदंत असा दिसतो होय?"

"मग जाता कशाला, माई?"

त्यांनी पंचा झटकला. "मागच्या डावात तिने माझी दक्षिण लांबवली. ती फिटली नाहीये अजून."

मावशीला मी हे कधी सांगितलं नाही. तिला आपण माईंना फसवतोय याचा इतका आनंद होता, की तो काढून घेणं माझ्या जिवावर आलं.

पोटातल्या गाठीचं मावशीने सांगितलं तेही खेळतानाच. एक वीट टाकत म्हणाली, "हा गुरुवार सोडून पुढच्या गुरुवारी माझं पोट उघडणार आहेत. पूर्व."

कोणी वीट उचलली नाही.

"काय झालं? पूर्व टाकलीय मी. घ्यायची असली तर घ्या."

मिस लिमला हॉस्पिटलातून कळलं होतं, पण ती बोलली नव्हती. गाठ साधी आहे की वाईट, हे उघडल्याशिवाय सांगता येणार नाही, असं सर्जन म्हणाला होता. बेनीला कळवू का, विचारलं तर मावशी माझ्यावर खेकसली. "त्याला कशाला? तिथून तो काय पोट धरून बसणार?" मग हसून म्हणाली, "गाठ माझी आणि तोंडं तुमची बघा. जसं काय तुमचीच काढणार आहेत."

 घरी आल्यावर माई पंचांग उघडून बराच वेळ गुरुवार बघत बसल्या आणि मग त्यांनी ते मिटून टाकलं.

तो रविवार. बाहेर स्वच्छ ऊन होतं, खिडकी उघडी होती, कुणाच्या तरी घरी मांस भाजल्याचा वास येत होता. मावशीने गडद लिपस्टिक लावली होती आणि ती नेहमीपेक्षा दुप्पट बडबडत होती. तिसऱ्या डावात ती एकदम गप्प झाली. मावशी गप्प होणं हीच मुळात धोक्याची खूण. ती फक्त बांबूच्या जातीच्या विटा ठेवत होती, बाकी सगळ्या टाकत होती. भिंत संपत आली. तिने एक वीट उचलली, अंगठ्याने तिचा चेहरा चाचपला आणि तशीच धरून ठेवली. तिच्या हातातली वीट टेबलाच्या कडेवर बारीक टकटक वाजत होती. 

टाकायची असती तर तिला टाकता आली असती. आम्हाला कळलंही नसतं. पण जन्मभर नशिबाला वाकुल्या दाखवलेली बाई, ती मिस लिमसमोर घाबरणार? तिने वीट ओळीत लावली आणि सगळी ओळ उताणी केली. "बघा," ती म्हणाली, "नऊच्या नऊ दारं."

तीन एक्के, तीन नव्व्या, मधले सगळे आणि वर ही चौदावी. मिस लिम किंचाळली आणि दोन्ही हातांनी तोंड झाकून रडायलाच लागली. "नो, ऑन्टी, नो! नॉट धिस वीक!" मावशी तिच्याकडे वळून, तिचा खांदा धरून हसायला लागली. "डोन्ट बी सिली! मासा नाही खाल्लेला मी!" हसू फार मोठं होतं आणि त्यात ऊब नव्हती.

त्याच वेळी माईंचा पदर टेबलाच्या कडेवरून घसरला. त्यांनी तो सावरला. एवढंच झालं. पण मी समोर बसले होते आणि मला दिसलं. पदराआडून माईंचा हात गेला, त्यांनी ओळीच्या टोकाची नव्वी उचलली आणि कनवटीला खोचली. गाईचं हाड, थेट कमरेला.

"थांबा," माई म्हणाल्या. "रडारड नंतर. आधी मोजा."

मिस लिमने डोळे पुसून बोटाने मोजलं. तेरा. पुन्हा मोजलं, तेराच. नव्व्या दोनच होत्या. एक वीट कमी म्हणजे डाव बाद; हा नियम शेंबड्या पोरालाही ठाऊक. मिस लिमने छातीवर हात ठेवून इतका मोठा सुस्कारा टाकला की मला तिला मिठी मारावीशी वाटली.

"कमी कशी?" मावशी उसळली. "तीन होत्या. मी माझ्या या हातांनी..." आणि ती माईंकडे वळली. माई समोरच्या भिंतीकडे बघत होत्या, जपाला बसल्यासारख्या शांत. कधी खोटं न बोललेल्या त्या बाईच्या कानांच्या पाळ्या मात्र लालबुंद झाल्या होत्या. मावशीने त्या पाळ्या पाहिल्या. मग पदर पाहिला. मावशीला लबाडी ओळखता येणार नाही तर कोणाला येणार?

 एरवी एका विटेसाठी तिने घर डोक्यावर घेतलं असतं.

"दोनच असतील," मावशी म्हणाली. "डोळे गेले माझे. कपबश्या मी विसळते." आणि तिने स्वतःच विटा कालवून टाकल्या. त्या दिवशी विसळताना ती शीळ घालत होती.

घरी येताना मी माईंना विचारलं, "तुमचा विश्वास आहे त्या चिनी गोष्टीवर?"

"मुळीच नाही."

"मग?"

"तिचा आहे."

"मावशीचा? अहो, ती तर हसते त्याला."

"हसते म्हणूनच म्हणते," माई म्हणाल्या आणि न्हाणीघरात गेल्या. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या एकट्याच रस्ता ओलांडून गेल्या आणि मावशीच्या दारातल्या पत्रांच्या फटीतून त्यांनी ती वीट आत टाकली. 

गुरुवारी मावशीला सिस्टरने कवळी काढून द्यायला सांगितली, तेव्हा आम्हाला कळलं की जगाचे दात बघणाऱ्या या बाईचे स्वतःचे सगळे दात चिनी डॉक्टरने केलेले होते. "बाहेर जा सगळ्या," ती तोंडावर चादर ओढून म्हणाली. मिस लिम गेली, मी गेले. माई गेल्या नाहीत. त्यांनी कवळी आपल्या रुमालात नीट गुंडाळून घेतली आणि मावशीला नेल्यावर ती मांडीवर धरून कॉरिडॉरमध्ये बसल्या. नऊवारीवर डॉक्टरांचा ओव्हरकोट, पायांत लोकरी मोजे. भेटायची वेळ संपली, असं दोघातिघांनी येऊन सांगितलं. माईंना एरवी समजायचं तेवढं इंग्रजीही त्या दिवशी समजेनासं झालं होतं. त्यांनी पाणी मागितलं आणि हॉस्पिटलच्या कपातून ते प्यायलं. मला रडू आलं. मावशी गेली तर या गावात माझं कोण आहे, हा एकच विचार डोक्यात होता.

दुपारी आमचे डॉक्टर जवळजवळ पळतच आले. माईंसमोर वाकून म्हणाले, "साधी आहे गाठ. काढली सगळी. काही राहिलं नाही."

माईंनी पहिल्यांदा रुमालाची घडी सैल केली. "नक्की?"

"नक्की, माई."

मिस लिमने आम्हाला आत नेलं. मावशीचा चेहरा केवढासा दिसत होता. तिने डोळे उघडले, माझ्यावरून नेले, मिस लिमवरून नेले आणि माईंवर आणून थांबवले. कवळीवाचून बोळक्या तोंडाने पण स्पष्ट म्हणाली, "माई, नव्व्या तीन होत्या."

माईंनी तिचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला. "तीनच होत्या, फ्लोराबाई," त्या म्हणाल्या. "डाव तुमचाच होता. झोपा आता."